घरातले पंधरावे माणूस : संत जनाबाई

गोदावरी आपल्या परभणी जिल्ह्यातून वाहते, तिच्या काठी गंगाखेड वसले आहे, आणि गंगाखेडला जनाबाईचे मंदिर आहे, एवढे आपल्या महाविद्यालयात सर्वांना ठाऊक असते. यापुढे जनाबाईविषयी काय माहीत आहे असे विचारले, तर विठ्ठलाने तिचे दळण दळले ही एक गोष्ट प्रत्येकाला सांगता येते. मलाही ती लहानपणापासून येत होती. यंदा अभ्यासक्रमात संतवाङ्मय आले, त्या निमित्ताने तिचे अभंग सलग वाचून काढले, आणि या गोष्टीकडे पाहण्याची माझी दृष्टी पालटली. ती कशी पालटली हे सांगावे म्हणून तिचे चरित्र लिहायला बसले आहे. लेखात मी तिला एकेरी नावाने संबोधणार आहे. जात्यावर बसणाऱ्या बायकांनी शतकानुशतके तिला जनीच म्हटले आहे, त्यात अनादर नाही, उलट जवळीक आहे.

जनीचा जन्म गंगाखेडचा. वडिलांचे नाव दमा, आईचे करुंड. शूद्र मानल्या गेलेल्या जातीतले हे जोडपे विठ्ठलभक्त होते. आईचे छत्र लहानपणीच हरपले आणि वडिलांनी पोरीला पंढरपुरास नेऊन दामाशेटी शिंपी यांच्या घरी ठेवले, असे परंपरा सांगते. चरित्रकार हे एका वाक्यात उरकतात. पण ठेवले या शब्दापाशी आपण थोडे थांबले पाहिजे. वस्तू ठेवतात, गहाण ठेवतात, तशी ही मुलगी ठेवली गेली. तिला दत्तक घेतले नव्हते, आणि मजुरीवरही लावले नव्हते. या दोहोंच्या मध्ये जी जागा असते, जिथे खायला मिळते, अंगाला कपडा मिळतो, आणि त्या बदल्यात दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंतचे सगळे काम आपलेच असते, त्या जागेला त्या काळी दासी असे नाव होते. आपल्या भागात ती जागा अगदीच अनोळखी नाही. दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जाणारी कुटुंबे गाव सोडतात, तेव्हा धाकट्या भावंडाला सांभाळायला म्हणून नऊ-दहा वर्षांची मुलगी शाळेतून काढून बरोबर नेली जाते. माझ्याबरोबर चौथीत बसणाऱ्या दोन मुली पाचवीत नव्हत्या, त्या अशाच गेल्या. त्यांना कोणी दासी म्हणत नाही, एवढाच फरक.

दामाशेटींच्या घरी नामदेवांचा जन्म १२७० मध्ये झाला असे मानतात. जनी त्यांच्याहून वडील होती आणि तिनेच त्यांना अंगाखांद्यावर खेळवले, अशी परंपरा आहे. नामदेवांचे मूळ गाव म्हणून नरसी सांगतात. ते आज हिंगोली जिल्ह्यात आहे, पण १९९९ पर्यंत आपल्याच परभणी जिल्ह्यात होते. म्हणजे सांभाळणारी आणि ज्याला सांभाळले तो, दोघेही आपल्याच मुलखातले म्हणायला हरकत नाही. पुढे नामदेवांचे लग्न झाले, चार मुले झाली, सुना आल्या. या सर्वांची नावे जनीच्या नावावर असलेल्या एका अभंगात आली आहेत. दामाशेटी आणि गोणाई, नामदेव आणि राजाई, नारा, विठा, गोंदा, महादा हे चार मुलगे, लाडाई, गोडाई, येसाई, साकराई या चार सुना, लेक लिंबाई आणि बहीण आऊबाई. मोजले तर चौदा होतात. शेवटी जनी स्वतःचे नाव घालते, तेही दासी म्हणून. ती पंधरावी.

आता पंधरा माणसांच्या घराचे काम म्हणजे काय असते? गिरण्या गावोगाव आल्यामुळे आपल्या पिढीला जात्याची कल्पना नाही. माझ्या आजीने मात्र निम्मे आयुष्य जात्यावर काढले. पहाटे कोंबडा आरवायच्या आत उठायचे, एक पाय लांब करून बसायचे, डाव्या हाताने मुठीमुठीने दाणे वैरायचे आणि उजव्या हाताने खुंटा ओढायचा. ज्वारीचे पीठ साठवून ठेवून चालत नाही, त्याच्या भाकरीला विरी जाते, म्हणून हे रोजचेच. आजीच्या उजव्या तळहाताला पडलेला घट्टा जाते सुटून वीस वर्षे झाली तरी गेला नव्हता. जनीला दळणानंतर कांडण होते, झाडलोट होती, नदीवरून पाणी होते, धुणे होते, शेण्या वेचायच्या होत्या. आणि यातले एकही काम असे नाही की जे एकदा केले म्हणजे झाले. झाडलेले अंगण संध्याकाळी पुन्हा मळते, भरलेला रांजण दुसऱ्या दिवशी रिकामा होतो. ते दिसते फक्त राहिले तर. म्हणूनच बहुधा कोणा बखरकाराने वा कवीने त्याची नोंद केली नसावी. जनीने ती केली. मराठी कवितेत सूप, केरसुणी, उखळ, मुसळ, शेणाची पाटी या वस्तू इतक्या सहजपणे तिच्याकडूनच आल्या आहेत. तिच्या नावावर साडेतीनशेच्या आसपास अभंग आहेत, आणि त्यांतले कितीतरी हात कामात गुंतलेले असताना सुचले असावेत हे वाचताना कळते.

आता त्या गोष्टीकडे येऊ. जनी दळायला बसली की विठ्ठल येतो, दुसऱ्या बाजूने खुंट्याला हात लावतो. ती शेण्या वेचायला गेली की तो मागोमाग येतो, पाणी आणू लागतो, धुणे धुतो, तिला न्हाऊ घालतो, तिच्या केसांतल्या उवाही काढतो. वर्गात यावर चर्चा झाली, तेव्हा बहुतेकांचे म्हणणे पडले की हा भक्तीचा महिमा आहे. तो आहेच, मला तो नाकारायचा नाही. पण मी उठून एक प्रश्न विचारला होता, तो येथे पुन्हा मांडते. घरात चौदा माणसे होती, त्यांतली निदान अर्धी हातीपायी धड होती. असे असताना पहाटे उठून जात्याला हात लावायला वैकुंठीच्या राण्याला यावे लागले, याचा अर्थ काय होतो? गोष्ट देवाच्या दयेची आहे, तशीच ती त्या घराचीही साक्ष आहे. मदतीला माणूस उठला असता तर देवाला येण्याचे कारण नव्हते. सरांनी यावर हसून पुढचा मुद्दा घेतला. मैत्रिणी मात्र हसल्या नाहीत. सकाळची पहिली एस.टी. गाठण्याआधी घरातल्या सगळ्यांच्या भाकरी थापून आलेल्या मुली त्या वर्गात बऱ्याच होत्या.

दामाशेटींचे घर वाईट होते असे मला म्हणायचे नाही. खरे पाहता त्या घरातल्या इतर बायकांचीही कथा फार निराळी नाही. नामदेवांच्या गाथेत गोणाई आणि राजाई यांच्या तोंडचे अभंग आहेत. मुलगा देवळात बसून राहतो, संसाराकडे पाहत नाही, घरात खायला नाही, अशी आई आणि बायको दोघींची तक्रार त्यांत आहे. भक्तिरसात बुडालेले वाचक ही तक्रार अज्ञानाची समजून सोडून देतात. मला ती अगदी व्यवहाराची वाटते. नामदेव ज्ञानदेवांबरोबर तीर्थयात्रेला गेले, पुढे उत्तरेत गेले, पंजाबात घुमानला त्यांनी दीर्घकाळ वास्तव्य केले. शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात त्यांची ६१ पदे आहेत, याचा प्रत्येक मराठी माणसाला अभिमान आहे. मीही तो बाळगते. परंतु एक माणूस एवढी वर्षे भारतभर फिरू शकतो, तेव्हा मागे चूल पेटती ठेवणारे कोणीतरी असते. त्या वर्षांत पंढरपुरात जाते थांबले नव्हते.

या विषयाचा पाश्चात्त्य देशांत गेल्या अर्धशतकात बराच ऊहापोह झाला आहे. १९७२ च्या सुमारास इटलीत आणि इंग्लंडमध्ये काही स्त्रियांनी घरकामाला वेतन मिळाले पाहिजे अशी मागणी पुढे आणली. ती हास्यास्पद ठरवली गेली, पण घरकाम हे काम आहे की प्रेम, हा प्रश्न तिने कायमचा टेबलावर ठेवला. अमेरिकन कवयित्री ॲड्रिएन रिच हिने १९७६ मध्ये मातृत्वावर एक ग्रंथ लिहिला. त्यात तिने दोन गोष्टी वेगळ्या केल्या : आई आणि मूल यांच्यातले प्रत्यक्ष नाते ही एक, आणि आईने कसे असावे हे बाहेरून ठरवणारी समाजाची व्यवस्था ही दुसरी. हे आपल्याकडेही लागू पडते. २०१९ च्या केंद्र सरकारच्या वेळ-वापर पाहणीत, घरकाम करणाऱ्या स्त्रीचे त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटे जातात आणि पुरुषाची ९७, असे आढळले. म्हणजे तिचे जवळजवळ पाच तास, आणि मुलेबाळे, म्हातारेकोतारे, आजारी यांच्या सेवेचा वेळ वेगळाच.

जनीला मूल नव्हते. तिचे लग्न झाल्याचाही कोठे उल्लेख नाही. पण तिने मुले वाढवली, आणि दुसऱ्यांची वाढवली. आईपण म्हणजे जन्म देणे एवढेच असेल तर ती आई नव्हे, आणि आईपण म्हणजे रोजचे उठवणे, न्हाऊ घालणे, भरवणे, निजवणे असेल तर त्या घरातल्या किती जणांची ती आई होती याचा हिशेब करावा लागेल. गंमत अशी की वारकरी पंथाला आई हा शब्द फार प्रिय आहे. विठ्ठल ही माउली आहे. ज्ञानेश्वर हे तर नुसते माउली म्हटले की कळतात. त्यांच्या करुणेबद्दल हा शब्द त्यांना शोभतो यात शंका नाही. तरीही एकविसाव्या वर्षी समाधी घेतलेल्या ब्रह्मचारी पुरुषाला माउली हे नाव मिळाले, आणि जिने आयुष्यभर प्रत्यक्ष आईचे काम केले तिला दासी हे नाव राहिले, हे मला नोंदवावेसे वाटते. दासी हा शब्द तिने स्वतः अभिमानाने मिरवला, त्यात भक्ताची नम्रता आहे, असे यावर कोणी म्हणतील. ते मान्य. पण नामदेवांनाही नम्रता होती, त्यांना ती मुद्रा घ्यावी लागली नाही.

आणि तरी या बाबतीत जनीने जे केले आहे, ते मला तिच्या चरित्रातले सर्वांत मोठे कृत्य वाटते. तिने देवाला कामाला लावले. आपल्या आईबापाच्या पाठीमागे मला आता तू सांभाळ, असे ती त्याला सरळ बजावते. विठ्ठलाला लेकुरवाळा म्हणणारा तिचा अभंग सर्वांना पाठ आहे. त्यातला देव सिंहासनावर नाही, पोरांच्या लटांबरात आहे. कोण खांद्यावर, कोण कडेवर, कोण मांडीवर, एकाचा हात धरलेला, एक करंगळी पकडून चाललेला. दोन हातांत इतकी मुले कशी मावतात हे ज्या बाईने कधी मुले वागवली नाहीत तिला सुचणार नाही. ज्याला देवळाच्या आत येऊ देत नव्हते तो चोखाही तेथे आहे, आणि अगदी जिवाजवळ आहे. सगळे संत त्या चित्रात मुले झाले आहेत. जनी स्वतःला मात्र त्या मुलांत घालत नाही. ती चित्र काढते आणि बाजूला उभी राहते. सवयच ती.

दुसऱ्या काही अभंगांत ती देवाला शिव्या घालते, अगदी वांड पोराला घालाव्यात तशा. एके ठिकाणी डोक्यावरचा पदर खांद्यावर आला तरी बाजारातून टाळ-वीणा घेऊन जाण्याची भाषा करते. बाईचा जन्म आला म्हणून खंत करू नये असेही तिने सांगितले आहे. सोशिक, मुकी, सदा हसतमुख जनी ही चित्रपटांनी व कीर्तनकारांनी उभी केलेली. गाथेतली जनी रागावते, थकते, हक्क सांगते.

तिच्यावर चोरीचा आळ आल्याची कथा प्रसिद्ध आहे. विठ्ठलाच्या गळ्यातले पदक नाहीसे झाले, ते जनीच्या खोपटात सापडले, तिला सुळावर द्यायचे ठरले आणि ऐनवेळी सुळाचे पाणी झाले. चमत्कार बाजूला ठेवला तरी घरात वा देवळात काही हरवले की संशय प्रथम कोणावर जातो, हे या कथेला बरोबर माहीत आहे. (कबीर तिला भेटायला आले होते, ही कथा मात्र कालदृष्ट्या जमत नाही. कबीर पुढच्या काळातले.)

विद्वानांनी जनीची दखल उशिरा घेतली, पण बायकांनी ती कधीच सोडली नव्हती. हेमा राईरकर आणि गी पॉइतव्हाँ यांनी महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतून जात्यावरच्या १,००,००० हून अधिक ओव्या गोळा केल्या. त्यांत आपल्या जिल्ह्यातल्या बायकांच्याही आहेत. त्या ओव्यांत जनी आणि विठ्ठल पुन्हा पुन्हा येतात. दळणाऱ्या बाईला आपल्या समोर खुंट्याला दुसरा हात हवा असायचा, आणि तो नसला की जनी आठवायची. माझी आजी जनीच्या ओव्या म्हणायची त्या गंगाखेडच्या देवळात शिकलेल्या नव्हत्या, तिच्या सासूकडून आलेल्या होत्या.

१३५० मध्ये नामदेवांनी पंढरपुरास विठ्ठलमंदिराच्या महाद्वारी समाधी घेतली. आज त्या जागी नामदेव पायरी आहे. त्यांच्याबरोबर घरची सगळी माणसे गेली आणि जनीही गेली, असे सांगतात. येथे मात्र ती बाजूला उभी राहिली नाही, घरातली म्हणूनच मोजली गेली. वंश राहिला तो थोरली सून लाडाई हिच्यामुळे. ती बाळंतपणासाठी माहेरी गेली होती म्हणून मागे उरली, अशी परंपरा आहे. त्या घरातली आजवरची बाळंतपणे जनीने पाहिली असणार. लाडाईचे हे बाळंतपण कोणी केले, तिच्या बाळाला पहिले न्हाण कोणी घातले, ते कोणत्याही कथेत आलेले नाही.