वाटाण्याचा वेल आणि दादासाहेब

पावसाळा सुरू झाला की आमच्या मुरगावात परसातल्या मांडवावर दोडक्याचे, तवशाचे वेल चढू लागतात. आज वीतभर असलेला वेल चार दिवसांनी हातभर होतो. पण तो वाढताना मात्र कोणाच्या दृष्टीस पडत नाही. ही न दिसणारी वाढ १९१२ साली एका मराठी माणसाने पडद्यावर दाखवली. ते होते धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके.

त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. १८८५ साली ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाले आणि पुढे बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला व छायाचित्रण शिकले. गोध्र्याला त्यांनी छायाचित्रणाचा व्यवसाय थाटला, पण प्लेगने पत्नी व मूल हिरावून नेले. नंतर पुरातत्त्व खात्यात नोकरी, राजा रविवर्मा यांच्या छापखान्यासाठी शिळाछपाईचे काम आणि मग स्वतःचा छापखाना, असा त्यांचा प्रवास झाला. १९०९ साली रंगीत छपाईची माहिती घेण्यासाठी ते जर्मनीलाही गेले. परंतु भागीदारांशी बिनसले आणि हा चांगला चाललेला धंदा त्यांनी सोडला.

याच सुमारास मुंबईत त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरील मूकपट पाहिला. आपल्याकडील राम-कृष्ण असे पडद्यावर का येऊ नयेत, हा विचार त्यांना स्वस्थ बसू देईना. ते रोज तासन्‌तास चित्रपट पाहू लागले आणि रात्री अभ्यास करू लागले. या जागरणांनी त्यांची दृष्टीच गेली. डॉक्टरांच्या उपचारांनी ती परत आली, तेव्हा त्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ च्या फेब्रुवारीत लंडन गाठले. तेथे चित्रपटनिर्मितीची माहिती घेऊन व विल्यमसन कॅमेऱ्याची खरेदी करून ते एप्रिलमध्ये परतले.

आता प्रश्न भांडवलाचा होता. मी वाणिज्य शाखेचा विद्यार्थी असल्यामुळे मला हा प्रसंग फार महत्त्वाचा वाटतो. ज्या धंद्याचे नावही लोकांना नीट माहीत नाही, त्यात पैसा घालणार कोण? दादासाहेबांनी कुंडीत वाटाणे पेरले आणि कुंडीसमोर कॅमेरा मांडला. महिन्याहून अधिक काळ ते थोडे थोडे चित्रण करीत राहिले. घाई करून उपयोग नव्हता. वेल आपल्याच गतीने वाढणार होता. अखेर मिनिटाहून किंचित मोठा एक चित्रपट तयार झाला. बी रुजते, अंकुर फुटतो आणि पाहता पाहता त्याचा वेल होतो! ‘अंकुराची वाढ’ पाहून यशवंतराव नाडकर्णी प्रभृती मंडळी कर्ज देण्यास तयार झाली. पत्नी सरस्वतीबाईंनी आपले दागिने दिले. फिल्मला भोके पाडण्याचे किचकट कामही त्या करीत. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला.

दादासाहेबांची ओळख पौराणिक चित्रपटांमुळे आहे आणि ती योग्यच आहे. ‘लंकादहन’ (१९१७), ‘कालियामर्दन’ (१९१९) यांना लोकांनी डोक्यावर घेतले. पण त्या चमत्कारांच्या मुळाशी चित्रकाराची शांतपणे पाहण्याची सवय होती. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये त्यांनी एकेक काडी हलवून चित्रण केले. वेरूळची लेणी आणि सिंहस्थ मेळा यांवरही त्यांनी माहितीपट केले. ‘चित्रपट कसे तयार करतात’ (१९१७) यात तर त्यांनी स्वतःचेच काम प्रेक्षकांपुढे उघडे करून ठेवले. धंद्याचे गुपित म्हणून झाकून ठेवावे असे त्यांना वाटले नाही.

पुढे बोलपट आले आणि मूकपटांचे दिवस संपले. १९३७ साली कोल्हापुरात त्यांनी ‘गंगावतरण’ हा बोलपट केला, तो त्यांचा शेवटचा. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले. चित्रपटांवर इतरांनी पैसा मिळवला. त्यांच्या गाठी मात्र उतारवयात फारसे काही उरले नव्हते.

१९६९ पासून त्यांच्या नावाने सर्वोच्च चित्रपट पुरस्कार दिला जातो. मूळच्या मंगेशीच्या घराण्यातील लता मंगेशकरांना तो १९८९ चा, तर कन्नड रसिकांचे लाडके डॉ. राजकुमार यांना १९९५ चा मिळाला. म्हणजे आपल्या या अंकाच्या दोन्ही विभागांतील वाचकांचे दादासाहेबांशी नाते आहे. ताळेबंदात जमेच्या बाजूला यंत्रे, इमारती, रोकड लिहितात, असे आम्ही शिकतो. दादासाहेबांच्या जमेस, दागिने देणाऱ्या पत्नीखेरीज, एक कुंडी आणि महिनाभर तिच्यासमोर थांबण्याची चिकाटी होती. पहिले कर्ज त्यांना मिळाले ते त्याच तारणावर.