सेव्ह पुसून पुन्हा पहिल्यापासून: गेम बॉय बनवणाऱ्या गुनपेई योकोईंची गोष्ट

सातवीच्या दिवाळीच्या सुट्टीत मी मामाकडे गेलो होतो आणि तिथे मामेभावाची पोकेमॉन फायररेडची सेव्ह उडवली. मुद्दाम नाही. तो क्रिकेट खेळायला गेला होता. मी त्याच्या कॉम्प्युटरवर एम्युलेटर उघडला, 'न्यू गेम' केलं, तासभर खेळलो आणि उठताना शहाण्यासारखा गेम सेव्ह केला. गेमने विचारलंही होतं की आधीची फाईल पुसली जाईल, चालेल का. इंग्रजी वाचायचा कंटाळा, मी 'येस' दाबून मोकळा.

आठही बॅज घेऊन तो शेवटच्या टप्प्यापर्यंत पोहोचला होता. सगळं गेलं. दोन दिवस तो माझ्याशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी मुकाट्याने पुन्हा पहिल्यापासून खेळायला बसला. आणि गंमत म्हणजे, जिथे पोहोचायला त्याला उन्हाळ्याची अख्खी सुट्टी लागली होती, तिथे तो दिवाळीची सुट्टी संपायच्या आत पोहोचला.

आता मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो आणि काहीही डिलीट करायच्या आधी बॅकअप घेतो. पण 'पुसून पुन्हा सुरू' हा विषय निघाला की मला हटकून एक जपानी इंजिनिअर आठवतात: गुनपेई योकोई. पोकेमॉन त्यांनी बनवला नाही. पण तो ज्या मशीनवर जन्मला तो गेम बॉय त्यांच्या टीमचा. आणि वयाच्या चौपन्नाव्या वर्षी त्यांनी स्वतःच्या आयुष्यात 'न्यू गेम' दाबलं होतं.

पत्त्यांच्या कारखान्यातला मेंटेनन्सवाला

योकोईंचा जन्म १० सप्टेंबर १९४१ चा, क्योटो शहरातला. डोशिशा विद्यापीठातून त्यांनी इलेक्ट्रॉनिक्स शिकलं. मार्क फार भारी नव्हते आणि मोठ्या कंपन्यांनी दारात उभं केलं नाही. म्हणून १९६५ मध्ये ते गावातल्याच एका कंपनीत लागले. कंपनीचं नाव निन्टेंडो. पण तेव्हाचं निन्टेंडो म्हणजे व्हिडिओ गेम नव्हे. १८८९ पासून ही कंपनी हानाफुदा नावाचे जपानी पत्ते बनवायची. योकोईंचं काम होतं पत्ते छापणाऱ्या मशीन नीट चालतायत की नाही ते बघणं.

मशीन चालू असल्या की हाताला काम नसायचं. त्या रिकाम्या वेळात त्यांनी एक खेळणं बनवलं: कात्रीसारख्या पट्ट्या जोडलेला, दाबला की लांब होणारा आणि टोकाला वस्तू पकडणारा हात. एकदा कंपनीचे प्रमुख हिरोशी यामाउची फेरी मारायला आले आणि त्यांच्या नजरेला हा प्रकार पडला. कामाच्या वेळात टाइमपास करताना साहेबांनी पकडलं, म्हणजे आता नोकरी गेली, असं कुणालाही वाटलं असतं. यामाउचींनी सांगितलं, हे विकायचं खेळणं म्हणून तयार कर. १९६६ मध्ये 'अल्ट्रा हँड' बाजारात आला आणि दहा लाखांहून जास्त खपला. मेंटेनन्सवाले योकोई खेळणी बनवणारे झाले. शून्यातून सुरुवात करायची ही त्यांची पहिली वेळ.

मुरलेलं तंत्रज्ञान

पुढची तीस वर्षं त्यांचं एकच सूत्र होतं. सगळ्यात नवं, महागडं तंत्रज्ञान घ्यायचं नाही. जे जुनं झालंय, स्वस्त झालंय, ज्याच्या सगळ्या खोड्या इंजिनिअरांना पाठ आहेत ते घ्यायचं आणि कुणी केला नसेल असा त्याचा वापर करायचा. लोणचं मुरलं की खरी चव येते, तसं मुरलेलं तंत्रज्ञान.

उदाहरण बघा. सत्तरच्या दशकाच्या शेवटी कॅल्क्युलेटर एकदम स्वस्त झाले होते. बुलेट ट्रेनच्या प्रवासात योकोईंना एक कंटाळलेला नोकरदार दिसला. तो वेळ घालवायला कॅल्क्युलेटरची बटणं दाबत बसला होता. त्यातून कल्पना निघाली की कॅल्क्युलेटरचाच एलसीडी आणि चिप वापरून खिशात मावणारा गेम करता येईल. १९८० मध्ये 'गेम अँड वॉच' आला. वेगवेगळे मॉडेल धरून ही मालिका ४ कोटी ३४ लाख खपली.

१९८२ मध्ये या मालिकेत डाँकी काँग आणायचा होता. जॉयस्टिक लावली तर खिशात मावेना. म्हणून योकोईंनी अधिक चिन्हाच्या आकाराचं चपटं बटण लावलं. हाच डी-पॅड. आज तुम्ही फोनवर गेम खेळताना डाव्या अंगठ्याने चालता आणि उजव्याने मारता ना, ती मांडणी ज्या कंट्रोलरमुळे जगभर रुजली त्यावर डावीकडे हाच डी-पॅड होता.

मग २१ एप्रिल १९८९ ला जपानमध्ये गेम बॉय आला. सातोरू ओकादांसारखे इंजिनिअर योकोईंच्या टीममध्ये होते. स्क्रीन १६० बाय १४४ पिक्सेल, रंग नाहीत, हिरवट राखाडीच्या चार छटा. कामाची मेमरी ८ केबी. स्पर्धेतल्या अटारी लिंक्स आणि सेगा गेम गिअर या दोघांकडे रंगीत स्क्रीन होती, पण सहा पेन्सिल सेल काही तासांत गट्टम. गेम बॉय चार सेलवर त्यांच्या कितीतरी पट जास्त चालायचा, स्वस्त होता आणि हातातून पडला तरी सहसा मरायचा नाही. नंतरचा गेम बॉय कलर धरून आकडा गेला ११ कोटी ८७ लाखांच्या आसपास.

सेलवर जगणारी आठवण

आता मुद्द्याचं. सुरुवातीच्या गेम बॉयवर सेव्ह हा प्रकार बहुतेक गेममध्ये नव्हताच. योकोईंनी निर्मिती केलेला 'सुपर मारियो लँड' बंद केला की संपला, उद्या पुन्हा पहिल्या लेव्हलपासून. टेट्रिसमध्ये तर हायस्कोरसुद्धा टिकायचा नाही. पुसायचं काही नव्हतंच, कारण साठलेलं काही नव्हतं.

मोठे गेम यायला लागले तसं हे चालेना. १९९१ च्या 'मेट्रॉइड २' मध्ये, ज्याचे निर्माते योकोईच होते, कार्ट्रिजमध्येच सेव्ह करायची सोय आली. ती चालते कशी? कार्ट्रिजमधला गेमचा प्रोग्राम रॉममध्ये असतो, तो बदलत नाही. तुमची प्रगती एसरॅम नावाच्या चिपमध्ये लिहिली जाते. या चिपला वीज मिळते तोवरच तिला आठवतं. म्हणून कार्ट्रिजच्या पोटात एक बटण सेल बसवलेला असायचा. चिप इतकी कमी वीज खायची की एक सेल दहा वर्षं सहज जायचा. तो संपला की सेव्ह आपोआप साफ, तुम्ही काही न करता.

फेब्रुवारी १९९६ मध्ये सातोशी ताजिरींच्या टीमचा पोकेमॉन आला. गेम बॉयला गेम बॉय जोडणारी वायर बघून ताजिरींना त्यातून किडे इकडून तिकडे जातायत अशी कल्पना सुचली होती. सात वर्षं जुन्या मशीनला या गेमने नवा जन्म दिला. जपानबाहेर आलेल्या रेड आणि ब्लूमध्ये सेव्हसाठी ३२ केबी जागा होती. आज व्हॉट्सॲपवर आलेला साधा फोटोही याहून मोठा असतो. तेवढ्यात तुमचं नाव, पैसे, बॅज आणि बॉक्समधले २४० पोकेमॉन. त्यामुळे सेव्ह एकच. नवीन खेळायचं तर जुनं पुसायलाच हवं.

पुसलं म्हणजे नक्की काय झालं?

रेड-ब्लूमध्ये पुसण्याचे दोन मार्ग होते. टायटल स्क्रीनवर वरचा बाण, सिलेक्ट आणि बी एकदम दाबलं की गेम विचारायचा, सगळं साफ करू का? हो म्हटलं की तो मेमरीच्या प्रत्येक बाइटमध्ये २५५ हा आकडा भरायचा. पाटी पूर्ण कोरी.

दुसरा मार्ग माझ्यासारख्यांचा: नवा गेम सुरू करून सेव्ह करणं. इथे प्रोग्राम जुन्या नावावर नवं नाव लिहितो, जुन्या बॅजवर नवे. पण बॉक्सच्या जागेला तो लगेच हात लावत नाही. तुम्ही नव्या गेममध्ये पहिल्यांदा बॉक्स बदलला की मगच त्या जागा रिकाम्या होतात. तोवर जुने पोकेमॉन चिपमध्ये तसेच पडून असतात, फक्त गेमला ते दिसत नाहीत.

आणि फायररेड? हे मला इंजिनिअरिंगला असताना कळलं आणि पोटात गोळाच आला. तो गेम सेव्हसाठी मेमरीचे दोन भाग ठेवतो आणि आलटून पालटून लिहितो, म्हणजे लिहिताना वीज गेली तरी आधीची प्रत शाबूत राहते. मी त्या दिवशी एकदाच सेव्ह केला होता. म्हणजे मामेभावाचे आठही बॅज त्या संध्याकाळी दुसऱ्या भागात सुखरूप होते. जरा जाणकार कुणी असता तर फाईलमधून ते परत काढता आले असते. त्याने रुसवा सोडून नवा गेम खेळला आणि पहिल्यांदा सेव्ह केला, तेव्हा खरी सेव्ह गेली. ती शेवटी त्याच्याच हातून पुसली गेली.

चौपन्नाव्या वर्षी 'न्यू गेम'

योकोईंचा सगळ्यात मोठा पराभव आला १९९५ मध्ये. 'व्हर्च्युअल बॉय' नावाचं स्टँडवरचं यंत्र. डोळे लावून आत बघायचं, लाल-काळं थ्रीडी चित्र दिसायचं. लोकांची मान अवघडायची, डोकं दुखायचं. वर्षाच्या आत ते बंद पडलं. खप साधारण ७ लाख ७० हजार. कोट्यवधी विकणाऱ्या माणसासाठी हा आकडा म्हणजे नापासच.

जुलै १९९६ मध्ये गेम बॉयचं सडपातळ रूप, गेम बॉय पॉकेट, बाजारात आलं आणि ऑगस्टमध्ये योकोईंनी निन्टेंडो सोडलं. ३१ वर्षांची नोकरी. लोक म्हणाले, अपयशामुळे जावं लागलं. त्यांचं स्वतःचं म्हणणं वेगळं होतं: पन्नाशीनंतर स्वतःचं काहीतरी करायचं हे त्यांच्या मनात आधीपासून होतं.

क्योटोमध्येच त्यांनी 'कोटो' नावाची छोटी कंपनी काढली. सोबत जुना कारखाना नाही, गेम बॉयवर हक्कही नाही. सगळे बॅज तिकडेच राहिले. बंदाई कंपनीसाठी त्यांनी एका नव्या हातातल्या गेम मशीनवर काम सुरू केलं. आता इथे बघा, रिकाम्या पाटीवर त्यांनी काय लिहिलं. स्क्रीन पुन्हा रंगाशिवाय. सेल एकच. किंमत कमीत कमी. व्हर्च्युअल बॉयमध्ये सुटलेलं ते मुरलेल्या तंत्रज्ञानाचं सूत्र पुन्हा हातात आलं होतं.

४ ऑक्टोबर १९९७. होकुरिकू महामार्गावर त्यांच्या गाडीला किरकोळ अपघात झाला. किती नुकसान झालंय ते बघायला ते खाली उतरले आणि मागून येणाऱ्या गाडीने त्यांना उडवलं. वय ५६. नवा गेम सुरू होऊन जेमतेम वर्ष झालं होतं.

मशीन सहकाऱ्यांनी पूर्ण केलं. मार्च १९९९ मध्ये 'वंडरस्वान' जपानमध्ये आलं, किंमत ४,८०० येन. गेम बॉय दहा वर्षांपूर्वी १२,५०० येनला आला होता. एका पेन्सिल सेलवर वंडरस्वान तीसेक तास चालायचं. त्याच्यासोबत एक कोडं सोडवायचा गेम आला, त्याला योकोईंचंच नाव दिलं होतं: गुनपेई. गेम बॉयला वंडरस्वान हरवू शकलं नाही. योकोईंचा नवा डाव हरला त्यांच्याच जुन्या डावाकडून.

तुमच्या फोनवर

आता पुसायच्या आधी दोन मिनिटं काढा. अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये 'क्लिअर कॅशे' दाबलं तर सहसा सेव्ह जात नाही. 'क्लिअर डेटा' किंवा 'क्लिअर स्टोरेज' दाबलं तर फोनमधली सेव्ह जाते. 'गेस्ट' म्हणून खेळत असाल तर आधी अकाउंट जोडा, नाहीतर ॲप काढल्यावर प्रगती परत मिळेलच असं नाही. एम्युलेटर वापरत असाल तर सेव्ह फाईलची एक कॉपी दुसऱ्या फोल्डरमध्ये टाका. मग बिनधास्त 'न्यू गेम' करा.

त्या दोन भागांची गोष्ट मी मागे मामेभावाला फोनवर कबूल केली. मला वाटलं चिडेल. त्याला सेव्ह उडाल्याचं आठवत होतं, पण किती बॅज होते ते आठवत नव्हतं. आठवत होतं ते वेगळंच. पहिल्या वेळी त्याने चारमँडर घेतला होता आणि पहिल्याच जिममध्ये ब्रॉकच्या दगडी पोकेमॉनपुढे कितीतरी दिवस अडकला होता. दुसऱ्यांदा त्याने न विचार करता बल्बासॉर घेतला आणि ब्रॉकला पहिल्याच झटक्यात हरवलं.