आधी काडतूस, मग पिस्तूल

पेपरातलं क्राइमचं पान तुम्ही रोज चाळत असाल, तर एक शब्द नक्की ओळखीचा असेल: माऊझर. पकडलेल्या देशी पिस्तुलाला आपल्याकडे सर्रास माऊझर म्हणतात आणि सोबत हमखास दोन-चार जिवंत काडतुसं असतात. माऊझर ही खरं तर जर्मन कंपनी. १८९६ मध्ये तिचं एक पिस्तूल आलं आणि नाव आपल्याकडे चिकटलं ते चिकटलंच. पण या तथाकथित माऊझरमध्ये बऱ्याचदा जे ७.६५ एमएमचं काडतूस असतं, ते माऊझरचं नाहीच. ते एका अमेरिकन माणसाने शोधलं. जॉन मोझेस ब्राउनिंग. बंदुकांच्या जगात त्याचं नाव खूप मोठं आहे, तरी त्याच्या आयुष्यातली काडतुसाची बाजू आपल्याकडे फारशी कुणी सांगत नाही.

त्याचा जन्म २३ जानेवारी १८५५ चा, अमेरिकेतल्या युटा प्रांतातल्या ऑग्डेन गावचा. वडील जोनाथन बंदुका दुरुस्त करायचे. मॉर्मन पंथाचे होते, तीन बायका आणि बावीस मुलं! (हो, बावीस.) जॉन त्या दुकानातच वाढला. शाळा थोडी, वर्कशॉप जास्त. दहा-अकरा वर्षांचा असताना भंगारातल्या सामानातून त्याने पहिली बंदूक जुळवली. इंजिनीअरिंगची डिग्री वगैरे कधीच नव्हती. कागदावर आखत बसण्यापेक्षा थेट लोखंड हातात घ्यायचं, कानस मारायची, बसतंय का बघायचं, अशी त्याची पद्धत.

१८७९ मध्ये वडील गेले. त्याच वर्षी त्याचं लग्न झालं आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पहिलं पेटंट मिळालं, एका वेळी एकच गोळी उडवणाऱ्या रायफलचं. भावांना घेऊन त्याने छोटासा कारखाना टाकला. १८८३ मध्ये विंचेस्टर या बड्या कंपनीचा माणूस ऑग्डेनला आला आणि ८,००० डॉलर मोजून त्या रायफलचे हक्क घेऊन गेला. पुढची एकोणीस वर्षं ब्राउनिंग विंचेस्टरला एकामागून एक डिझाइन विकत राहिला. कंपनीने त्यातली बरीचशी कधी बनवलीच नाहीत. दुसऱ्या कुणाच्या हाती लागू नयेत म्हणून घेऊन ठेवली, एवढंच.

आता जरा थांबून काडतूस म्हणजे काय ते बघू, कारण पुढचं सगळं त्यावर आहे. आपण ज्याला सरसकट गोळी म्हणतो, त्याचे चार भाग असतात. पुढे शिशाची गोळी, मागे पितळी पुंगळी, पुंगळीत दारू आणि तळाशी प्रायमर, म्हणजे दिवाळीतल्या टिकलीसारखा ठोक्याने पेटणारा भाग. ट्रिगर ओढला की प्रायमर पेटतो, दारूचा गॅस होतो आणि त्या दाबाने गोळी नळीतून बाहेर पडते. हा दाब प्रचंड असतो. पुंगळी ज्या पोकळीत बसते ती पोकळी, म्हणजे चेंबर, तो दाब झेलते. म्हणजे चेंबर नेमक्या मापाचं हवं आणि नेमक्या ताकदीचं हवं. यातलं एक जरी चुकलं तर दाब मागे येतो, आणि मागे तुमचा हात आणि चेहरा असतो.

१८८९ च्या आसपासची गोष्ट सांगतात. मित्र नेम धरून गोळ्या झाडत होता आणि ब्राउनिंगचं लक्ष नळीपुढच्या गवताकडे गेलं. प्रत्येक गोळीसरशी गवत झोपत होतं. हा गॅस वाया जातोय, यानेच पुढचं काडतूस भरता आलं तर? यातून त्याची गॅसवर चालणारी मशीनगन आली. पिस्तुलात त्याने वेगळी युक्ती वापरली. गोळी पुढे जाताना बसणाऱ्या मागच्या धक्क्यावर वरचा सरकता भाग, म्हणजे स्लाइड, मागे ढकलायची. जाताना रिकामी पुंगळी बाहेर, येताना नवीन काडतूस आत. आज तुम्ही सिनेमात जे पिस्तूल बघता, त्यातली ती मागेपुढे होणारी स्लाइड त्याचीच.

पण यात एक मेख आहे. रिव्हॉल्व्हरचं चक्र बोटाने फिरतं, दारू थोडी कमी-जास्त असली तरी त्याला फरक पडत नाही. ऑटोमॅटिक पिस्तूल मात्र काडतुसाच्या जोरावर चालतं. जोर कमी पडला तर स्लाइड अर्ध्यातच अडकते, जास्त झाला तर भाग तुटतात. म्हणजे पिस्तूल बनवायचं तर काडतूसही आपणच ठरवायला हवं. ब्राउनिंगने तेच केलं. बेल्जियममध्ये लिएज शहराजवळ हर्स्टलला एफएन नावाचा कारखाना होता. त्यांच्यासाठी त्याने पिस्तूल केलं आणि त्याच्या मापाचं नवं काडतूसही. हे मॉडेल १९०० या नावाने बाजारात आलं आणि इतकं खपलं की फ्रेंच भाषेत ब्राउनिंग म्हणजेच पिस्तूल असा अर्थ रूढ झाला.

आणि इथूनच नावांचा घोळ सुरू होतो. युरोपात त्या काडतुसाला ७.६५ ब्राउनिंग म्हणतात, अमेरिकेत आणि आपल्याकडे पॉइंट ३२ एसीपी. नावं दोन, माल एकच. आता उलटं बघा. ७.६५ पॅराबेलम नावाचं एक काडतूस त्याच काळात आलं, लुगर या जर्मन पिस्तुलाचं. आकडा तोच, काडतूस पूर्ण वेगळं. माऊझरचं होतं ७.६३. फरक दिसायला मिलिमीटरच्या दोन शतांशांचा, प्रत्यक्षात पुंगळी बरीच लांब आणि ताकद कितीतरी जास्त. आकडा जुळला की काडतूस जुळलं असं समजणारा माणूस इथेच फसतो.

आपल्या देशात तर हा घोळ अजून जिवंत आहे. ९ एमएम, पॉइंट ३८ असे बोअर सर्वसामान्य परवानाधारकाला मिळत नाहीत, त्यामुळे परवान्यावरचं पिस्तूल किंवा रिव्हॉल्व्हर बहुतेक वेळा पॉइंट ३२ असतं. सरकारी कारखान्याचं पॉइंट ३२ पिस्तूल ब्राउनिंगचं एसीपी काडतूस खातं. त्याच सरकारचं पॉइंट ३२ रिव्हॉल्व्हर मात्र स्मिथ अँड वेसन लाँग नावाचं दुसरंच काडतूस मागतं. ते लांब असतं आणि त्याच्या तळाला बाहेर आलेली ठळक कडा असते. परवान्यावर दोन्हीकडे बोअर पॉइंट ३२! म्हणून जाणकार माणूस नुसता आकडा सांगून काडतुसं घेत नाही. नळीवर किंवा स्लाइडवर कोरलेलं पूर्ण नाव, डब्यावरचं नाव आणि काडतुसाच्या तळावरचा शिक्का, तिन्ही जुळतात का ते बघतो. खडकीच्या कारखान्याच्या मालावर के.एफ. अशी अक्षरं असतात. हा कारखाना १८६९ पासूनचा आहे, म्हणजे ब्राउनिंगच्या पहिल्या पेटंटपेक्षा दहा वर्षं जुना. पोचे गेलेलं, हिरवट चढलेलं, कुणीतरी घरी पुन्हा भरलेलं काडतूस तो बाजूला ठेवतो. आणि आवाज नेहमीपेक्षा फुसका आला तर तिथेच थांबतो, कारण गोळी नळीतच अडकलेली असू शकते आणि मागून येणारी दुसरी गोळी नळी फोडते. तुमच्यापैकी जे एनसीसीत पॉइंट २२ रायफल चालवतात, त्यांना उस्तादांनी हे ओरडून सांगितलं असेलच.

ब्राउनिंगच्या काडतुसातही एक खोड होती. त्याची कडा अगदी थोडी बाहेर येते. मॅगझिन भरताना वरच्या काडतुसाची कडा खालच्याच्या मागे गेली की दोन्ही अडकतात आणि पिस्तूल ऐन वेळी ठप्प. लांबीने आखूड गोळ्या वापरल्या तर हे जास्त होतं. मॅगझिनमध्ये मावतंय म्हणजे चालेल, असं नसतं.

हेच ब्राउनिंग महाराष्ट्रात आलं ते १९०९ मध्ये. सावरकरांनी लंडनहून चतुर्भुज अमीन यांच्यामार्फत वीस ब्राउनिंग पिस्तुलं पाठवली, पेटीच्या चोरकप्प्यात. सोबत काडतुसंही होती. ती असायलाच हवी होती. १८७८ च्या शस्त्र कायद्याखाली इथे परवान्याशिवाय काडतूस मिळणं शक्य नव्हतं आणि काडतुसाविना पिस्तूल म्हणजे लोखंडाचा तुकडा. २१ डिसेंबर १९०९ ला नाशिकच्या विजयानंद थिएटरात अनंत कान्हेरे याने कलेक्टर जॅक्सन यांना गोळ्या घातल्या. कान्हेरे तुमच्याच वयाचा होता. १९ एप्रिल १९१० ला ठाण्याच्या तुरुंगात त्याला कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांच्यासोबत फाशी झाली. पुढे अलाहाबादला चंद्रशेखर आझादांच्या हातात जे पॉइंट ३२ कोल्ट होतं, त्याचं डिझाइनही ब्राउनिंगचंच. सारायेवोत १९१४ मध्ये ऑस्ट्रियाच्या युवराजावर झाडलेलं पिस्तूलही. ऑग्डेनच्या या दुकानदाराला यातल्या कुणाशी काही घेणंदेणं नव्हतं. माझ्या मते त्यामुळे प्रश्न संपत नाही, पण त्याच्या चरित्रकारांना तो फारसा पडलेला दिसत नाही.

मधल्या काळात विंचेस्टरशी त्याचं फाटलं. ऑटोमॅटिक शॉटगनसाठी त्याने प्रत्येक नगामागे रॉयल्टी मागितली, कंपनी नाही म्हणाली. १९०२ च्या जानेवारीत तो रेमिंग्टनच्या मालकाला भेटायला गेला आणि बाहेर बसलेला असतानाच आत मालक हार्ट अटॅकने गेल्याचं कळलं. मग त्याने सरळ बेल्जियमची बोट पकडली.

अमेरिकन लष्कराला तेव्हा मोठ्या गोळीचं पिस्तूल हवं होतं. फिलिपिन्सच्या लढाईत पॉइंट ३८ रिव्हॉल्व्हर कमी पडतं अशी ओरड होती. ब्राउनिंगने पुन्हा जोडी केली: पॉइंट ४५ एसीपी काडतूस आणि त्याचं पिस्तूल. या काडतुसाला कडाच बाहेर ठेवली नाही, पुंगळीच्या तोंडावर ते चेंबरात टेकतं. १९११ च्या चाचणीत ६,००० गोळ्या झाडल्या, पिस्तूल तापलं की पाण्यात बुडवून पुन्हा सुरू, आणि ते एकदाही अडकलं नाही. त्याच मार्चमध्ये लष्कराने ते घेतलं.

पॉइंट ३८ चंही एक पिस्तूल त्याने केलं होतं, १९०० चं. त्याचा किस्सा त्याच्या मृत्यूनंतरचा, पण सांगायलाच हवा. १९२९ मध्ये कोल्ट कंपनीने त्याच मापाच्या पुंगळीत जास्त जोराची दारू भरून पॉइंट ३८ सुपर आणलं. जुन्या पिस्तुलात ते बरोब्बर बसतं. बसतं, आणि जुनं पिस्तूल तो दाब सहन करू शकत नाही. मापाने जुळणारं आणि दाबाने न जुळणारं काडतूस सगळ्यात वाईट, कारण ते बसतंच नाही असं सांगून तुम्हाला अडवत नाही.

देशी कट्टा हातात फुटतो तो याचमुळे. लिएजमध्ये १६७२ पासून शस्त्र तपासणीची संस्था आहे. तिथे प्रत्येक नळीत आधी नेहमीपेक्षा जास्त दाबाचं काडतूस उडवून बघतात, टिकली तरच शिक्का. कट्ट्यात रायफलचं पॉइंट ३१५ काडतूस पाइपच्या तुकड्यात घालतात आणि पहिली चाचणी घेणाऱ्याच्याच हातात होते. बरं, कट्टा सोडा, नुसतं एखादं काडतूस परवान्याशिवाय जवळ सापडलं तरी शस्त्र कायद्याचा गुन्हा लागू शकतो. विमानतळावर बॅगेत काडतूस सापडल्याच्या बातम्या तुम्ही वाचल्या असतीलच.

आणि हा धंदा आपल्यापासून दूर नाही. अंबाझरीला तोफगोळ्यांचे धातूचे भाग बनतात, भंडाऱ्याजवळ जवाहरनगरला दारू आणि स्फोटकं. जानेवारी २०२५ मध्ये तिथे स्फोट झाला तेव्हा पुंगळीतल्या त्या चिमूटभर पावडरीमागे कोण काम करतं, ते आपल्याला कळलं.

ब्राउनिंगच्या नावावर १२८ पेटंट जमा झाली. शेवटी तो ९ एमएम पिस्तुलावर काम करत होता. यावेळी काडतूस त्याचं नव्हतं, जॉर्ज लुगरचं होतं, आणि दुसऱ्याच्या काडतुसाभोवती पिस्तूल बसवायचं होतं. २६ नोव्हेंबर १९२६ ला हर्स्टलच्या कारखान्यातच त्याचं हृदय बंद पडलं, मुलगा व्हॅलच्या ऑफिसात. पिस्तूल अर्धवट राहिलं. एफएनच्या द्यूदोने सैव्हने ते पूर्ण केलं आणि १९३५ मध्ये ते हाय पॉवर नावाने आलं. आपल्या इशापूरच्या रायफल फॅक्टरीत त्याचीच आवृत्ती बनते, पिस्टल ऑटो ९ एमएम १ए. सैन्यात आणि पोलिसांत कमरेला जे ९ एमएम दिसतं, ते बऱ्याचदा हेच.