हसवणाऱ्याची कमाई

परवा नातीबरोबर टीव्हीवर पुरस्कारांचा सोहळा बघत होते. निवेदक एकामागून एक विनोद करत होते आणि समोरची माणसं पोट धरून हसत होती. नातीने विचारलं, आजी, हे सगळं त्यांना आपोआप सुचतं का गं? म्हटलं, नाही बाई, ते लिहून देणारा कुणीतरी पडद्यामागे असतो. आणि मला एकदम पु. ल. देशपांडे आठवले.

मैत्रिणींनो, माझं माहेर निमोणे, शिरूर तालुक्यातलं. आमच्या लहानपणी जत्रेत तमाशा यायचा, पण तो बाप्यांसाठी. घरातल्या बायकांनी मोकळेपणाने हसावं असं काही गावात नव्हतंच. एकदा माझ्या दादाने शिरूरहून एक कॅसेट आणली, ‘बटाट्याची चाळ’. माझी आई सकाळपासून दुसऱ्याच्या रानात खुरपायला जायची. त्या रात्री भाकरी थापता थापता ती एवढी हसली की तव्यावरची भाकरी करपली. आईला असं हसताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

या माणसाचा जन्म 8 नोव्हेंबर 1919 चा, मुंबईचा. शिक्षण झालं, पण घरची जबाबदारी लवकर अंगावर आली. त्यांनी पेटीच्या शिकवण्या केल्या, कारकुनी केली, शाळा-कॉलेजात शिकवलं. 12 जून 1946 ला सुनीता ठाकूर यांच्याशी त्यांनी नोंदणी पद्धतीने लग्न केलं. बँडबाजा नाही, मानपान नाही. त्या काळात ही केवढी मोठी गोष्ट!

1953 मध्ये ‘गुळाचा गणपती’ हा सिनेमा आला. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन सगळं पुलंचं, आणि नायकही तेच. पुढे ते आकाशवाणीत गेले. तिथून त्यांना लंडनला बीबीसीकडे शिकायला पाठवलं. 15 सप्टेंबर 1959 ला दिल्लीत आपल्या देशातलं टीव्हीचं प्रक्षेपण सुरू झालं, तेव्हाच्या पहिल्या निर्मात्यांमध्ये पुलं होते. टीव्हीवर पंडित नेहरूंची मुलाखत घेणारे पहिले म्हणूनही त्यांचंच नाव घेतात. आपल्याकडे मुंबई केंद्र सुरू झालं 1972 ला, आणि खेड्यात टीव्ही यायला तर त्यानंतरही कितीतरी वर्षं लागली.

एवढी सरकारी नोकरी, पण ती सोडून ते रंगमंचावर आले. 1961 पासून ‘बटाट्याची चाळ’चे प्रयोग सुरू झाले. एकटा माणूस उभा राहून अख्खी चाळ डोळ्यांपुढे उभी करायचा. मग आली ‘वाऱ्यावरची वरात’. गाणी, नकला, छोटी छोटी प्रहसनं, सगळं एका माळेत ओवलेलं. आज टीव्हीवर जे विनोदी कार्यक्रम आपण बघतो, त्यांची जातकुळी मला तरी तीच वाटते. फक्त तिथे लिहिणाराही तोच आणि समोर उभा राहणाराही तोच.

या वरातीत सुनीताबाई स्वतः कामही करायच्या आणि मागची सगळी व्यवस्थाही बघायच्या. शिस्त, वेळ, पैशाचा हिशेब, सगळं त्यांच्याकडे. लोक त्यांना खाष्ट म्हणायचे. आपल्याकडे घर सांभाळणाऱ्या बाईला हेच नाव मिळतं, नाही का? पण तो हिशेब होता म्हणूनच पुढचं घडलं. नाट्यगृहं भरत असतानाच दोघांनी हे प्रयोग थांबवले, आणि साठवलेल्या पैशातून ठिकठिकाणच्या चांगल्या कामांना मदत केली.

आता माझ्या घरची गोष्ट सांगते. तो कॅसेट आणणारा माझा दादा पुढे दारूच्या नादी लागला. रान गहाण पडलं, वहिनीच्या अंगावरचे मणी गेले. 2002 मध्ये वहिनी आणि मी त्याला धरून एसटीने पुण्याला ‘मुक्तांगण’मध्ये घेऊन गेलो. 35 दिवस ठेवायचं होतं. त्याला आत सोडून आम्ही बाहेर बसलो. दोघींच्याही डोळ्यांना धार लागलेली. शेजारी बसलेल्या एका ताईंनी धीर दिला, आणि बोलता बोलता सांगितलं की ही जागा उभी राहिली ती पुलंच्या पैशामुळे.

मला खरंच वाटेना. मग कळलं. डॉ. अनिल अवचट यांनी गर्दच्या व्यसनावर लेख लिहिले होते. ते वाचून पुलं आणि सुनीताबाई अस्वस्थ झाले आणि त्यांनी एक लाख रुपये पुढे केले. मानसोपचारतज्ज्ञ डॉ. अनिता अवचट यांनी काम हाती घेतलं, आणि 1986 मध्ये केंद्र सुरू झालं.

म्हणजे बघा, लोकांना हसवून मिळवलेले पैसे, ते कुणाच्या तरी घरातलं रडणं थांबवायला गेले. आणि त्या कुणाच्या तरीमध्ये आमचंही घर निघालं!

पुलंना 1965 मध्ये साहित्य अकादमीचा, 1990 मध्ये पद्मभूषण आणि 1996 मध्ये पहिला महाराष्ट्र भूषण पुरस्कार मिळाला. शेवटी शेवटी कंपवाताने हात साथ देईनासे झाले. 12 जून 2000 ला ते गेले. लग्नाचा 54 वा वाढदिवस होता त्या दिवशी. सुनीताबाई 2009 मध्ये गेल्या.

दादा एकदा पुन्हा घसरला, पुन्हा जाऊन आला. आता बरीच वर्षं झाली, तो पीत नाही. कॅसेटची फीत केव्हाच तुटली. नातीने मोबाइलवर ‘बटाट्याची चाळ’ लावून दिली, ती परवा दादाबरोबर बसून ऐकली. दादा हसत होता. वहिनी मात्र हसायचं सोडून त्याच्याकडेच बघत बसली होती.