पृथ्वी फिरताना दाखवणारा फूको



पृथ्वी स्वतःभोवती फिरते हे आपल्या सर्वांना पाठ आहे. परीक्षेत येतं आणि दोन मार्क मिळतात. दिवाळीच्या सुट्टीत मी हे आजीला सांगितलं. आजी ज्वारी निवडत बसली होती. ती म्हणाली की तिने सत्तर वर्षं सूर्य उगवताना आणि मावळताना पाहिला, पण जमीन हललेली एकदाही पाहिली नाही. जमीन फिरत असती तर विहिरीतलं पाणी सांडलं नसतं का? आणि मग तिने विचारलं की पृथ्वी फिरताना मी स्वतः पाहिली आहे का. मी गप्प झालो. कारण मी पाहिली नव्हती. पुस्तकात आहे एवढंच मला माहीत होतं.

शाळा उघडल्यावर मी सरांना विचारले. मला वाटलं सर हसतील. पण सर म्हणाले की आजीचा प्रश्न चांगला आहे, आणि हाच प्रश्न जगातल्या मोठमोठ्या माणसांना पुष्कळ वर्षे अडला होता. मग त्यांनी फळ्यावर एक नाव लिहिले. लेओं फूको. नाव वाचून सगळा वर्ग हसला. मीपण हसलो. त्याच फूकोची माहिती मी इथे लिहीत आहे.

लेओं फूको याचा जन्म १८ सप्टेंबर १८१९ रोजी फ्रान्स देशाची राजधानी पॅरिस येथे झाला. त्याचे वडील पुस्तके छापून विकत असत. लेओं लहान असतानाच वडील वारले. मग आईनेच त्याला वाढवले. तो प्रकृतीने नाजूक होता. शाळेत तो काही चमकला नाही, अभ्यासात मागेच पडायचा. शेवटी आईने त्याला घरी शिकवायला मास्तर ठेवले. हा मुलगा पुढे नाव काढील असं तेव्हा कुणालाच वाटलं नसेल.

पण त्याचे हात फार हुशार होते. त्याने स्वतः एक छोटी नाव तयार केली. त्या काळी पॅरिसमध्ये एका चर्चवर लाकडी हात हालवून लांबवर निरोप धाडणारे यंत्र होते, ते पाहून त्याने तसेच लहान यंत्र घरी बनवले. नंतर चालणारे वाफेचे इंजिनसुद्धा बनवले. मला हा भाग सगळ्यात आवडला. मीपण एकदा घरचं गजराचं घड्याळ उघडलं होतं. ते मला परत जोडता आलं नाही आणि मार मिळाला. फूकोला जोडता यायचं, एवढाच फरक.

हात चांगले म्हणून त्याने सर्जन व्हायचे ठरवले. सर्जन म्हणजे ऑपरेशन करणारा डॉक्टर. तो वैद्यकीच्या शाळेत गेला, पण त्याला रक्त पाहवेना. झालं, ते शिक्षण सुटलं. मात्र तिथल्या एका शिक्षकाने त्याचे हात ओळखले व त्याला सूक्ष्मदर्शकाच्या कामात मदतीला घेतले. त्याच सुमारास फोटो काढायची विद्या नवीन निघाली होती. फूको ती शिकला. फिझो नावाच्या मित्राबरोबर १८४५ साली त्याने सूर्याचा फोटो काढला, त्यात सूर्यावरचे डागही दिसतात. तो वर्तमानपत्रातही विज्ञानावर लिहायचा.

आता लंबकाकडे येतो. दोरीला दगड बांधून टांगला आणि एका बाजूला ओढून सोडला की तो इकडून तिकडे नि तिकडून इकडे जातो. तोच लंबक. नागपंचमीला आपण वडाला झोका बांधतो, तोही लंबकच. सरांनी व्हरांड्याच्या वाशाला एक मीटर लांबीवर दगड बांधून आमच्याकडून मोजून घेतलं. एका मिनिटात तो तीस वेळा जाऊन आला. मोठा दगड बांधला तरी तीस, छोटा बांधला तरी तीसच. दोरी लांब केली तरच तो सावकाश जातो. चौपट लांब दोरीला दुप्पट वेळ लागतो. हे इटलीच्या गॅलिलिओने फार पूर्वी अभ्यासले होते, आणि पुढे हॉलंडच्या हायगेन्सने १६५६ साली लंबकाचे घड्याळ केले. म्हणजे लंबक फूकोने शोधला नाही. तो लंबक सगळ्यांच्या घरात टिकटिक करत होता, आणि त्यात काय दडलं आहे हे कुणी नीट पाहत नव्हतं.

फूकोला ते कसं दिसलं? त्याच्याकडे लेथ होती. तालुक्याच्या गावी वर्कशॉपमध्ये लोखंड फिरवून तासतात ते यंत्र. त्यात त्याने एक लांब बारीक सळई घट्ट अडकवली होती. सळईला टिचकी मारली की ती थरथरायची. मग त्याने लेथ हळूहळू फिरवली. सळई लेथबरोबर फिरली, पण तिचं थरथरणं ज्या दिशेला होतं त्याच दिशेला राहिलं! तेव्हा त्याच्या मनात आलं की लेथच्या जागी पृथ्वी आणि सळईच्या जागी लंबक धरला तर? खाली पृथ्वी फिरेल आणि लंबक आपला रस्ता सोडणार नाही.

तो आईबरोबर पॅरिसमध्ये एका घरात राहायचा. त्या घराच्या तळघरात त्याने दोन मीटर तारेला पाच किलोचा पितळी गोळा टांगला. पहिल्यांदा तारच तुटली. त्याने परत सगळं केलं. दिवसा रस्त्यावरून घोडागाड्या जात आणि घर हादरे, म्हणून तो रात्री काम करी. गोळा हाताने ढकलला तर वाकडा जातो, म्हणून तो दोऱ्याने एका बाजूला बांधून ठेवायचा आणि सगळं शांत झालं की दोरा मेणबत्तीने जाळायचा. ८ जानेवारी १८५१ च्या पहाटे दोन वाजता त्याला दिसलं की लंबकाची रेघ हळूहळू सरकते आहे. तळघरात तो एकटा होता. पृथ्वी फिरते हे आकाशाकडे न बघता, घरात बसून दाखवायची युक्ती त्याला सापडली होती. मला वाटतं त्या रात्री तो झोपला नसेल.

पुढच्या महिन्यात त्याने पॅरिसच्या वेधशाळेत ११ मीटर तारेचा लंबक लावला आणि शास्त्रज्ञांना पृथ्वी फिरताना बघायला बोलावले. ते आले, आणि गणितात मोठे असलेले लोक जरा ओशाळले. कारण फूको गणितात त्यांच्यापुढे काहीच नव्हता, आणि त्यांच्या कागदावर जे आलं नाही ते त्याच्या तारेने दाखवलं.

मग मार्च महिन्यात पँथिऑन नावाच्या प्रचंड इमारतीत सर्वांसाठी लंबक लावला. घुमटातून ६७ मीटर लांब तार सोडली. म्हणजे साधारण वीस मजली घराएवढी. खाली २८ किलोचा गोळा, आणि गोळ्याला टोक. कडेला वाळूचा बांध केला होता. गोळा एकदा जाऊन यायला सुमारे १६ सेकंद लागत, आणि दर खेपेला त्याचं टोक वाळूत नवी खूण करी, आधीच्या खुणेपासून दोन-तीन मिलिमीटर पुढे. लोक तासन् तास उभे राहून बघत. त्यांना वाटे लंबक वळतोय. पण लंबक वळत नव्हता. वाळू, इमारत, पॅरिस आणि बघणारे लोक, हेच सगळे फिरत होते.

हे मी आजीला नुसतं सांगून पटणार नव्हतं. शाळेच्या व्हरांड्यात आम्ही प्रयोग केला, पण तो फसला. सुतळीला पीळ असतो, वारा येतो, आणि दगड दहा मिनिटांत थांबतो. दहा मिनिटांत आपल्याकडे लंबकाची दिशा एक अंशसुद्धा सरकत नाही. म्हणून मी आजीचं जातं घेतलं. ते कोपऱ्यात नुसतंच पडून असतं. वरच्या दगडावर ज्वारीच्या तीन धांड्यांची तिवई उभी केली, पाय ओल्या मातीत रोवले. तिवईचा शेंडा बरोबर मधोमध घेतला. शेंड्याला दोऱ्याने सायकलचा नट टांगला. नट ओट्याकडून दाराकडे असा सोडला आणि आजीला जातं हळूहळू फिरवायला सांगितलं. खुंटा फिरला, तिवई फिरली, पण नट आपला ओट्याकडून दाराकडे, दाराकडून ओट्याकडे! आजीने तीन फेरे घेतले. मग म्हणाली की एखादी मुंगी त्या दगडावर बसली असती तर तिला नटच फिरतोय असं वाटलं असतं. मी म्हणालो की आपणच ती मुंगी.

विहिरीच्या पाण्याचंही उत्तर सरांनी दिलं आहे. एस.टी. चांगल्या रस्त्यावर एकसारखी चालली की बाटलीतलं पाणी हलत नाही, ब्रेक लागला की हलतं. पृथ्वीला ब्रेक लागत नाही. आणि एस.टी.तून झाडं मागे पळताना दिसतात तसंच सूर्याचं आहे. आपल्या आर्यभटाने इसवी सन ४९९ च्या सुमारास हेच नावेचा दाखला देऊन लिहून ठेवले होते. फक्त ते डोळ्यांना दाखवायचं राहिलं होतं.

एक गंमत अशी की लंबकाची दिशा सगळीकडे सारख्या वेळात फिरत नाही. उत्तर ध्रुवावर एक फेरी सुमारे २४ तासांत होते, पॅरिसला सुमारे ३२ तास लागतात आणि विषुववृत्तावर ती फिरतच नाही. हा नियमही फूकोनेच सांगितला. आपले अहिल्यानगर, म्हणजे पूर्वीचे अहमदनगर, १९ अंशांवर आहे. सरांनी हिशेब केला, तर इथे लंबकाला पूर्ण फेरीला सुमारे ७३ तास लागतील. तीन दिवस आणि वर एक तास. आपल्याकडे सगळंच सावकाश, असं सर म्हणाले.

पँथिऑनची गोष्ट तर लंबकासारखीच आहे. ती इमारत आधी चर्च म्हणून बांधली. १७९१ मध्ये तिथे थोर माणसांचे स्मारक केले. १८०६ मध्ये पुन्हा चर्च. १८३० मध्ये पुन्हा स्मारक. १८५१ च्या डिसेंबरात राज्य उलटले, पुन्हा चर्च करायचा हुकूम निघाला आणि फूकोचा लंबक काढावा लागला. १८८५ पासून ते स्मारकच आहे. इकडून तिकडे, तिकडून इकडे! आणि आत लंबक होता तेव्हा तोच एकटा आपल्या रस्त्याने सरळ जात होता. आता तिथे परत तसाच लंबक टांगला आहे.

फूकोने पुढेही खूप कामे केली. १८५२ साली त्याने वेगाने फिरणारे चाक चौकटीत बसवून पृथ्वीचे फिरणे दाखवले. त्याला त्याने जायरोस्कोप असे नाव दिले. पुढे त्याच कल्पनेवर जहाजांची होकायंत्रे निघाली. जुन्या विजेच्या मीटरमध्ये चकती फिरते, तिला चुंबकाने आवर घालणारे प्रवाह त्याने १८५५ साली दाखवले. काचेवर चांदी चढवून दुर्बिणीचे आरसे केले. १८६२ साली त्याने एका जागी बसून, फिरत्या आरशाने प्रकाशाचा वेग मोजला. तो सेकंदाला २,९८,००० किलोमीटर आला. आजचा आकडा २,९९,७९२ आहे. इतका जवळ! तरी फ्रान्सच्या विज्ञान अकादमीत त्याला १८६५ साली, म्हणजे फार उशिरा घेतले.

१८६७ साली तो आजारी पडला. आधी हात बधिर झाला. मग बोलता येईना, नीट दिसेना. ज्या हातांनी त्याने सगळं केलं तेच हात चालेनासे झाले. हे लिहिताना मला वाईट वाटलं. ११ फेब्रुवारी १८६८ रोजी तो वारला. तेव्हा तो फक्त ४८ वर्षांचा होता. पॅरिसच्या आयफेल टॉवरवर ७२ जणांची नावे कोरली आहेत, त्यांत त्याचेही नाव आहे.

आपल्या जवळ पुण्याला विद्यापीठाच्या आवारात आयुका नावाची संस्था आहे. जयंत नारळीकर यांनी ती उभारली. तिथेही फूकोचा लंबक आहे आणि आर्यभट व गॅलिलिओ यांचे पुतळे आहेत. सरांनी ते पाहिले आहे. आमची सहल गेली तर मी आजीलाही नेणार आहे.

कारण आजीचा अजून एक प्रश्न उरला आहे. घर फिरतं, गाव फिरतं, अख्खी पृथ्वी फिरते, तर मग तो लंबक कुणाकडे बघून सरळ जातो? मी सरांना विचारले. सर बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले की फार लांबच्या ताऱ्यांकडे बघून, असं समज. पण तसं का होतं यावर मोठे शास्त्रज्ञ अजून वाद घालतात. घरी येऊन मी हे आजीला सांगितलं. तिने जात्यावरचा हात काढला आणि वर पाहिलं. पण तेव्हा दुपार होती, त्यामुळे तारे काही दाखवता आले नाहीत.

(इयत्ता चौथी)