फादर विल्यम रॉबर्ट लायन्स : गोमंतकांत फुटबॉल आणणारे शिक्षक-धर्मगुरु

ज्युबिलीच्या ह्या स्मरणिकेंत आपल्या पूर्वसूरींचीं नांवें आदरानें घेतलीं जात असतां, आणखी एका धर्मगुरूंचें चरित्र आम्ही वाचकांपुढें ठेवीत आहों. त्यांचें नांव आपल्या तरुणांच्या ओठांवर क्वचितच येतें. पण त्यांची देणगी मात्र त्या तरुणांच्या पायांत रोज खेळत असते. ते म्हणजे फादर विल्यम रॉबर्ट लायन्स.

फादर लायन्स हे ब्रिटिश बेटांतून हिंदुस्थानांत आलेले धर्मगुरु. प्रकृति बिघडल्यामुळें सन १८८३ मध्यें ते बार्देशांतील शिवोली गांवीं येऊन राहिले. शिवोली हा शापोरा नदीच्या कांठीं, माडांच्या राईंत वसलेला गांव. आजारी मनुष्य विश्रांतीसाठीं आला आणि त्यानें विश्रांतीच घेतली, तर त्याला कोण दोष देणार? परंतु अंगीं शिक्षकाचा पिंड असलेल्या माणसाला रिकामीं मुलें दिसलीं कीं स्वस्थ बसवत नाहीं. ह्या गांवांत त्यांनीं मुलांच्या पुढें एक चेंडू टाकला. गोमंतकांतील फुटबॉलचा आरंभ तो हाच, असें मानलें जातें.

त्या काळची स्थिति ध्यानांत घेतल्यावांचून ह्या कार्याचें मोल कळणार नाहीं. गोमंतकावर तीन शतकांहून अधिक काळ पोर्तुगिजांची सत्ता होती. सन १८७८ च्या इंग्रज-पोर्तुगीज तहानें तेथील मिठागरांचा जुना धंदा खालावला. पुढें मुरगांवची रेल्वे झाली आणि बाहेर पडण्याची वाट सोपी झाली. घरोघरचे पुरुष पोटासाठीं मुंबईस जाऊं लागले. कोणी बोटीवर, कोणी स्वयंपाकघरांत, कोणी बँडांत, तर कोणी कचेरींत चाकरी धरी. आणि गांवच्या नांवानें चालणाऱ्या कुडींत पथारी टाकी. देवळाच्या शाळेंत मुलांना धर्मशिक्षण आणि संगीत उत्तम मिळे. सरकारी शाळेंत पोर्तुगीज भाषा मिळे. मुंबईचा मालक मात्र इंग्रजी येतें काय, एवढेंच विचारी. आपल्या मालवण-वेंगुर्ल्याकडील कुटुंबांनाही हा अनुभव नवा नव्हता.

ह्या उणिवेवर फादर लायन्स ह्यांनीं उपाय केला. सन १८८७ मध्यें हडफडें येथें त्यांनीं सेंट जोसेफ ह्या नांवानें इंग्रजी शाळा उभी केली. गोव्यांतील इंग्रजी शिक्षणाच्या अगदीं जुन्या शाळांत तिची गणना होते. ह्या शाळेंत फुटबॉल हा सुटीच्या वेळचा चाळा नव्हता. ख्रिस्ती शिक्षणाचें तें एक अंगच होतें.

वाचक म्हणतील, चेंडू लाथाडण्यांत शिक्षण तें कोणतें? लंडन येथें सन १८६३ मध्यें ह्या खेळाचे नियम प्रथम एकत्र बांधले गेले, आणि इंग्लंडांतील विद्यालयांनीं शीलसंवर्धनाचें साधन म्हणून तो जवळ केला. एकट्यानें चेंडू धरून ठेवला तर अकराहीजण हरतात. तो योग्य वेळीं सोबत्याला द्यावा लागतो. पंचाचा निर्णय मनाविरुद्ध गेला तरी मानावा लागतो. हरल्यावरही समोरच्याच्या हातांत हात द्यावा लागतो. वाड्यावाड्यांच्या आणि जातीपातींच्या मानापमानांनीं विभागलेल्या गांवांत हे धडे व्याकरणाहून कमी मोलाचे खासच नव्हते.

शिवाय हा खेळ गरिबाला परवडणारा. पीक कापून झालें कीं शेत हेंच मैदान, आणि पाय अनवाणी चालत. फादर लायन्स ह्यांच्या मागून गोव्याचेच धर्मगुरु आणि शाळामास्तर पुढें आले. मुंबईहून सुटीवर येणाऱ्या चाकरमान्यांनींही त्यांत भर घातली, आणि खेळ गांवोगांव पसरला. लक्षांत घेण्याजोगें हें कीं, ह्यांत राज्यकर्त्यांचा हात फारसा नव्हता. गोव्याची फुटबॉल संघटना स्थापन झाली ती सन १९५९ मध्यें. तोंवर देवळापुढच्या शेतांत कित्येक पिढ्या खेळून गेल्या होत्या.

पेरलेलें बीं किती वाढलें पाहा. शिवोलीजवळच्याच आसगांवीं जन्मलेले नेव्हिल डिसोझा ह्यांनीं सन १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकांत ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले. ऑलिंपिकच्या एका सामन्यांत असा पराक्रम करणारे ते पहिले आशियाई होत. त्या स्पर्धेंत भारत चौथा आला. सन १९८२-८३ मध्यें गोव्यानें बंगालसमवेत संतोष करंडक वांटून घेतला. आणि सन २०१२ मध्यें फुटबॉल हा गोव्याचा राज्यखेळ म्हणून जाहीर झाला.

हें चरित्र लिहितांना आमचें मन आम्हांला टोंचत होतें, हें कबूल करावयास हवें. तरुणपणीं एका धर्मग्रामांत काम करीत असतां, चेंडूनें खिडकीची कांच फुटली म्हणून आम्हीं देवळाच्या आवारास कुलूप घातलें. कांच वांचली, पण संध्याकाळीं आवार ओस पडलें, आणि तींच मुलें रस्त्याच्या कडेला भलत्या संगतींत बसलेलीं आम्हांला दिसलीं. महिन्याभरानें आम्हीं तें कुलूप काढलें. परंतु त्यांतलीं कांहीं मुलें पुन्हा परतलीं नाहींत. नवी कांच बसवितां येते, गमावलेला मुलगा परत आणणें कठीण, हा धडा आम्ही सेमिनरींत नव्हे, त्या ओस आवारांत शिकलों.

म्हणून आमची विनंती एवढीच कीं, ज्युबिलीनिमित्त भिंती रंगविल्या जातील, कमानी उभ्या राहतील, तेव्हां मुलांच्या खेळासाठीं एक मोकळा तुकडा आपण राखून ठेवावा. एका आजारी, परदेशी धर्मगुरूनें परक्या मुलांसाठीं जें केलें, तें आपण आपल्याच लेकरांसाठीं करणें जड जाऊं नये. परमेश्वर त्यांच्या आत्म्यास चिरशांति देवो, आणि आपल्या मुलांना सुदृढ देह व सरळ मन देवो.