मुंबईला पडद्यावर आणणारे सावेदादा

सोलापूर जिल्ह्यातील माढा मुंबईच्या लोहमार्गावर आहे. पण अशा गावांतील जी माणसे त्या गाडीत कधीच बसली नाहीत, त्यांनाही चौपाटी आणि बोरीबंदर ओळखीचे वाटते. ही किमया चित्रपटांची. महानगराची ही पडद्यावरची ओळख घडविण्यास आरंभ करणाऱ्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांचा मान पहिला.

१८६८ मध्ये जन्मलेले सावेदादा मुंबईत छायाचित्रणाचा व्यवसाय करीत. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चलच्चित्रांचा खेळ झाला. स्थानकात शिरणारी आगगाडी, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार पाहून मुंबईकर थक्क झाले. पण ती दृश्ये फ्रान्सची होती. मुंबईने मुंबईला अद्याप पाहिले नव्हते.

सावेदादांनी सुमारे २१ गिनी खर्चून इंग्लंडहून कॅमेरा मागविला. १८९९ मध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती हँगिंग गार्डनवर योजून त्यांनी ती चित्रित केली. फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली. पुढे माकडांचे खेळ करणारा मदारी त्यांच्या कॅमेऱ्यात आला. केंब्रिजचे सीनियर रँग्लर र. पु. परांजपे १९०१ च्या डिसेंबरात मायदेशी परतले, तेव्हा त्यांचे मुंबईतील स्वागतही सावेदादांनी टिपले. ते भारतातील पहिले वार्ताचित्र मानले जाते.

मल्ल, मदारी आणि कोकणातल्या खेड्यातून वर आलेला गणिती, ही सावेदादांची निवडच बोलकी आहे. शहराची ओळख त्यांनी इमारतींपेक्षा माणसांत शोधली. १९०३ च्या दिल्ली दरबाराचे चित्रण करताना मात्र त्यांच्यासमोर सत्तेचा थाट होता. काही वर्षांतच त्यांनी कॅमेरा विकला आणि ते गेइटी थिएटरच्या व्यवस्थापनात रमले.

१९५८ मध्ये त्यांचे निधन झाले. तोवर ‘श्री ४२०’ (१९५५) आणि ‘सी.आय.डी.’ (१९५६) यांनी मुंबईला पदपथांचे, मोहाचे आणि गुन्ह्याचे शहर म्हणून देशभर पोहोचविले होते. गावोगावच्या प्रेक्षकांच्या मनात ठसली ती हीच मुंबई. सावेदादांच्या फिती मात्र आज उपलब्ध नाहीत; त्यांची वर्णने तेवढी उरली आहेत. ज्या शहराची प्रतिमा अवघा देश ओळखतो, त्याला स्वतःचे पहिले प्रतिबिंब मात्र आता पाहता येत नाही.